तुटलेल्या यमकाचा माग : बर्नहार्ड कार्लग्रेन यांचे अभ्यासजीवन

चीनच्या सर्वांत जुन्या कवितासंग्रहाचे नाव 'शीचिंग'. त्यात तीनशे पाच कविता आहेत. त्यातली पहिलीच कविता आजच्या बीजिंगच्या उच्चारात मोठ्याने वाचली की एका कडव्यात कान अडखळतो. यमकाच्या जागी एकदा 'त्साय' (खुडणे) येतो आणि पुढे 'यौ' (स्नेह जोडणे) येतो. जागा यमकाची आहे, पण यमक नाही.

बाराव्या शतकातला जू शी याच्यासारखा थोर भाष्यकारही अशा ठिकाणी शब्दाचा उच्चार यमकापुरता वाकवून वाचायला सांगत असे. १६०६ साली छन दी या अभ्यासकाने हे नाकारले. काळ बदलतो, प्रांत बदलतो, तसे उच्चारही बदलतात. कवीचे यमक मुळात बरोबरच होते, असे त्याचे म्हणणे. पुढची अडीचशे वर्षे चिनी पंडितांनी या एका सूत्रावर अफाट काम केले. गू यानवू आणि द्वान यूत्साय यांनी प्राचीन यमकांचे गट पाडले. द्वान यांनी तर असे दाखवले की ज्या चिन्हांत उच्चार सुचवणारा अवयव एकच आहे, ती चिन्हे प्राचीन काळी एकाच यमकगटात होती.

एवढे करूनही गाडी एका जागी अडली. कोणते शब्द एका गटातले हे सांगता येत होते. तो गट कानाला कसा लागत होता, हे सांगता येत नव्हते. ज्ञानेश्वरीतला शब्द कसा उच्चारला जाई यावर आपण वाद घालतो, पण निदान 'क' होता की 'प' होता यावर घालत नाही. लिपीच ते सांगते. चिनी चिन्ह हे सांगत नाही.

ही अडलेली गाडी पुढे नेली ती स्वीडनमधल्या एका पंचवीस वर्षांच्या तरुणाने. त्याचे यश आणि त्याच्या चुका एकाच मुळातून आल्या असे मला वाटते, म्हणून हे प्रकरण सविस्तर मांडतो आहे.

खेड्यातली बोली

बर्नहार्ड कार्लग्रेन यांचा जन्म ५ ऑक्टोबर १८८९ रोजी दक्षिण स्वीडनमधल्या योनशॉपिंग गावी झाला. वडील शाळेत लॅटिन, ग्रीक आणि स्वीडिश शिकवत. मुलाला मात्र वेड लागले ते आजूबाजूच्या खेड्यांतल्या बोलीचे. स्मोलांड प्रांतातल्या लोकांच्या तोंडच्या गोष्टी तो ऐकायचा आणि त्या जशा उच्चारल्या तशाच उतरवून घ्यायचा. त्यातल्या काही १९०८ साली छापूनही आल्या.

उप्साला विद्यापीठात त्याला योहान आउगुस्त लुंडेल हे गुरू भेटले. लुंडेल शिकवत स्लाव्ह भाषा, पण त्यांचा जीव होता स्वीडिश बोलींत. बोलींचे बारीकसारीक उच्चार टिपण्यासाठी त्यांनी १८७८ साली एक खास लिपी तयार केली होती. बर्नहार्डने १९०९ साली पदवी घेतली ती नॉर्डिक भाषा, ग्रीक आणि स्लाव्ह भाषा या विषयांत. चिनी उप्सालात कोणी शिकवतच नव्हते. म्हणून तो सेंट पीटर्सबर्गला गेला, तिथे इव्हानोव्ह यांच्या हाताखाली जेमतेम दोन महिने चिनी शिकला आणि १९१० साली शिष्यवृत्तीवर चीनला निघाला.

चिनी भाषा पुरती येत नव्हती, तेव्हाच त्याचा प्रश्न ठरलेला होता. हे मला फार महत्त्वाचे वाटते. त्या काळी युरोपातले चिनी विद्येचे अभ्यासक एकतर मिशनरी असत, नाहीतर वकिलातीतले अधिकारी, नाहीतर ग्रंथालयात बसणारे पंडित. त्यांची वाट ग्रंथापासून सुरू होई. या मुलाची वाट माणसाच्या तोंडापासून सुरू झाली. स्मोलांडच्या शेतकऱ्याला जे विचारायचे, तेच शान्शीच्या शेतकऱ्याला विचारायचे: हा शब्द तुमच्याकडे कसा म्हणतात?

त्याने सुमारे ३,१०० चिन्हांची यादी बनवली. ही यादी मनाला येईल तशी नव्हती; जुन्या यमककोशातल्या प्रत्येक वर्गाला तीत जागा होती. ती घेऊन तो बोलींमागे बोली नोंदवत गेला. परत येईपर्यंत चोवीस बोली झाल्या. मधे पैसे संपले, तेव्हा शान्शी प्रांतातल्या तैयुआनच्या विद्यापीठात फ्रेंच आणि इंग्रजी शिकवून त्याने गुजराण केली. १९११ च्या क्रांतीचा भडका तैयुआनमध्येही उडाला, तेव्हा तो तिथेच होता. १९१२ च्या सुरुवातीला तो युरोपात परतला.

पॅरिस, आणि एक शेजारी

मग लंडनमार्गे पॅरिस. तिथे एदुआर शाव्हान आणि पॉल पेलिओ हे दोन दिग्गज शिकवत होते. शाव्हान यांनी स्सु-मा छ्येनच्या इतिहासग्रंथाच्या मोठ्या भागाचे भाषांतर केले होते, तर पेलिओ तुनह्वांगच्या गुहेतली हस्तलिखिते घेऊन नुकतेच परतले होते. ग्रंथ कसा तपासायचा, पाठाची पारख कशी करायची, हे कार्लग्रेन इथे शिकले.

याच वर्षांत याच शहरात झ्यूल ब्लॉक हे भाषाशास्त्रज्ञ मराठी भाषेच्या घडणीवर आपला प्रबंध लिहीत होते. तो १९२० साली पुस्तकरूपाने आला आणि पुढे वासुदेव गोपाळ परांजपे यांनी तो मराठीत आणला. हे दोघे एकमेकांशी बोलले की नाही, याच्याशी मला कर्तव्य नाही. पण आजच्या बोली समोर ठेवायच्या, जुने ग्रंथ समोर ठेवायचे आणि मधले उच्चारबदल नियमात बसवायचे, ही रीत त्या वेळी पॅरिसच्या हवेतच होती. मराठीला तिचा लाभ झाला, तसाच चिनीलाही.

१९१५ साली कार्लग्रेन यांनी उप्सालात प्रबंध सादर केला: चिनी ध्वनिशास्त्राचा अभ्यास, भाषा फ्रेंच. वय पंचवीस. पुढच्याच वर्षी फ्रान्समध्ये त्याला स्तानिस्लास झ्युलिएँ पुरस्कार मिळाला. ग्रंथाचे उरलेले भाग १९२६ पर्यंत निघत राहिले.

किल्ली कशी फिरली

आता मूळ गोष्टीकडे येतो. इथे देवनागरी शिकलेल्या वाचकाला एक सोय आहे, जी युरोपच्या वाचकाला नाही.

इ. स. ६०१ मध्ये लू फायान याने 'छ्येयुन' हा यमककोश रचला. त्यात १९३ यमकवर्ग होते. १००८ साली त्याचीच वाढवलेली आवृत्ती 'ग्वांगयुन' नावाने निघाली. तीत २०६ वर्ग आणि २६,१९४ चिन्हे आहेत. या कोशांत प्रत्येक चिन्हाचा उच्चार दोन चिन्हांनी दिला आहे: पहिल्याचा आरंभ घ्यायचा, दुसऱ्याची शेपटी घ्यायची. 'दोंग' (पूर्व) हा शब्द 'द' आणि 'होंग' असा दिला आहे. या रीतीला 'फानछ्ये' म्हणतात. अडचण उघड आहे. 'द'चा उच्चार काय, हे पुन्हा दुसऱ्या दोन चिन्हांनीच सांगितलेले. साखळी कितीही ओढली तरी ती हवेतच लोंबकळते.

कोशानंतर आले ते ध्वनितक्ते. ते रचणाऱ्यांवर बौद्ध भिक्षूंमार्फत आलेल्या संस्कृत ध्वनिविचाराची छाप स्पष्ट आहे. ओठांचे, जिभेचे, दातांचे, घशाचे असे आरंभीच्या व्यंजनांचे गट. आणि प्रत्येक गटात क्रम असा: अघोष अल्पप्राण, अघोष महाप्राण, घोष, अनुनासिक. म्हणजे प, फ, ब, म. आपण पहिलीत घोकतो तोच वर्ग, फक्त घोष व्यंजनांचा खण दोनऐवजी एक.

कार्लग्रेन यांनी काय केले? तक्त्यातला प्रत्येक खण हा समीकरणातला अज्ञात आकडा मानला आणि वहीतल्या बोली त्यावर लावल्या. सोबत जपानी, कोरियन आणि व्हिएतनामी भाषांनी हजार-बाराशे वर्षांपूर्वी उसने घेतलेले चिनी शब्दही लावले. 'दहा' हा शब्द पाहा. बीजिंगला 'शी'. कँटनला 'सप'. कोरियनमध्ये 'सिप', व्हिएतनामीत 'थॅप'. जपानीत आज 'जू' म्हणतात, पण जुन्या जपानी लेखनात तो 'जिफु' असा लिहीत. कोश म्हणतो की हा शब्द अमुक यमकवर्गातला. तर त्या वर्गाच्या शेवटी 'प' होता. उत्तरेत तो गळाला, दक्षिणेत टिकला, जपानीत त्याचा 'फु' होऊन विरघळला. असे एका शब्दाचे नाही, तर वर्गामागून वर्गाचे. हजारो नोंदी एकमेकींना साक्ष देऊ लागल्या आणि सातव्या शतकातली चिनी भाषा पहिल्यांदा ध्वनिलिपीत लिहिता आली.

वर्ग पाडण्याचे श्रेय मात्र त्यांचे एकट्याचे नाही. छन ली या कँटनच्या पंडिताने १८४२ सालीच फानछ्येच्या साखळ्या काटेकोरपणे जुळवून दाखवल्या होत्या, आणि प्रबंधात त्याला हवे तेवढे स्थान मिळालेले नाही. ही उणीव मला खटकते. पुढच्या लेखनात कार्लग्रेन छिंग काळातल्या (१६४४ ते १९१२) पंडितांविषयी अतिशय आदराने लिहितात, हेही तितकेच खरे.

दुरुस्त्या

पहिली टीका घरातूनच आली. पॅरिसचे चीन-अभ्यासक आँरी मास्पेरो यांनी १९२० साली थांग काळातल्या (सातवे ते दहावे शतक) छांगआनच्या बोलीवर प्रबंध लिहिला आणि कार्लग्रेन यांच्या अनेक स्वरांवर आक्षेप घेतले. कार्लग्रेन यांनी १९२२ साली उत्तर दिले. त्यात बरेच आक्षेप मान्य करून आपली मांडणी सुधारली. तेव्हा ते बत्तीस वर्षांचे होते.

दुसरी दुरुस्ती आपल्या दृष्टीने अधिक रसाळ आहे. तक्त्यातला तो घोष व्यंजनांचा एकच खण: तो 'ब' होता की 'भ'? कार्लग्रेन म्हणाले, 'भ'. म्हणजे घोष महाप्राण. पण बौद्ध भाषांतरकारांनी संस्कृत शब्द चिनी चिन्हांत उतरवले होते, आणि त्यांना 'ब' आणि 'भ' दोन्ही लिहायचे होते. त्यांनी त्या खणातली साधी चिन्हे 'ब'साठी वापरली. 'भ'साठी त्यांना वेगळी तजवीज करावी लागली. चिनीत 'भ' असता तर ती खटपट कशाला केली असती? ली रोंग यांनी १९५२ साली हा पुरावा नेटकेपणाने मांडला. आज बहुतेक अभ्यासक 'ब'च मानतात. संस्कृत लिप्यंतरांचा हा साठा चिनी उच्चारांसाठी वापरावा, असे बॅरन स्टाएल-होल्स्टाइन यांनी १९२३ सालीच सुचवले होते. मास्पेरो यांनी तो वापरला. कार्लग्रेन यांचा मात्र त्यावर फारसा भरवसा नव्हता.

छ्येयुनचा उच्चार म्हणजे राजधानी छांगआनची बोली, हे त्यांचे गृहीतकही पुढे टिकले नाही. तो कोश उत्तर आणि दक्षिण दोन्हीकडच्या सुशिक्षित उच्चारांचा मेळ घालणारा आहे, असे आता मानतात.

पण दुरुस्त्यांमधली सर्वांत मोठी गोष्ट म्हणजे त्या प्रबंधाचा चिनी अनुवाद. तो केला चाओ युआनरेन, लुओ छांगपेई आणि ली फांगग्वेई या तिघांनी. ते त्या पिढीतले चीनचे सर्वांत मोठे भाषाशास्त्रज्ञ. लुंडेल यांची स्वीडिश बोली-लिपी काढून त्यांनी सगळे उच्चार आंतरराष्ट्रीय ध्वनिलिपीत आणले. मूळ लेखकाच्या संमतीने चुका जागच्या जागी दुरुस्त केल्या, टिपा जोडल्या. जपानी आक्रमणामुळे विद्यापीठे आणि संस्था देशाच्या नैर्ऋत्येला हलल्या होत्या. अशा दिवसांत, १९४० साली, हा जाडजूड ग्रंथ छापून निघाला. त्या अनुवादामुळे मूळ फ्रेंच ग्रंथ जुना झाला, असे मी बेधडक म्हणेन. परक्याने लिहिलेल्या पुस्तकाचा याहून मोठा सन्मान मला माहीत नाही. चिनी विद्वान त्यांना 'गाव बनहान' या चिनी नावानेच ओळखतात.

'त्सोच्वान' खोटे आहे काय?

१९१८ साली कार्लग्रेन गोथेनबर्गला प्राध्यापक झाले. पूर्व आशियाई भाषा आणि संस्कृतीचे ते पद होते. १९३१ ते १९३६ ते त्या संस्थेचे कुलगुरूही होते. विद्यार्थी थोडे असत, वेळ असे.

या काळातले एक काम मला प्रबंधाइतकेच आवडते. 'त्सोच्वान' हा ख्रिस्तपूर्व काळातला मोठा इतिहासग्रंथ. १८९१ साली कांग योवेई या सुधारकाने खळबळ उडवून दिली: हे पुस्तक हान काळात (इ. स. पू. २०६ ते इ. स. २२०) ल्यू शिन या पंडिताने बनवलेले आहे, बनावट आहे. वाद राजकारणापर्यंत पोचला. दोन्ही बाजू परंपरेतले दाखले एकमेकांवर फेकत होत्या.

कार्लग्रेन यांनी १९२६ साली दाखले बाजूला ठेवले आणि अव्यये मोजली. 'जर' या अर्थी कोणता शब्द वापरला आहे? 'मध्ये', 'कडे' या अर्थांची दोन जवळजवळ सारखी अव्यये कुठे कोणती येतात? त्यांना आढळले की त्सोच्वानमध्ये माणसाच्या नावाआधी एक अव्यय अधिक येते, गावाच्या नावाआधी दुसरे. कन्फ्यूशियस आणि मेन्शियस यांच्या ग्रंथांत हा भेद नाही. मग युक्तिवाद सरळ होता. ग्रंथभर हा भेद इतक्या इमानाने पाळणारा हान काळातला बनावटकार कोणी असू शकत नाही, कारण हान काळात तो भेद कोणाच्या ध्यानातही नव्हता. ग्रंथ जुना आहे, आणि तो कन्फ्यूशियसच्या लू प्रांतातल्या भाषेत लिहिलेला नाही. दुसऱ्याच वर्षी लू खान्रू यांनी याचे चिनी भाषांतर केले आणि विचारवंत हू शी यांनी त्याची दखल घेतली.

अव्ययाला कोणी लबाडी शिकवत नाही. लेखक मोठे शब्द निवडतो. 'ला', 'कडे', 'तर' हे त्याच्या नकळत येतात.

कांस्यपात्रे

१९३९ साली ते स्टॉकहोमच्या पूर्व आशियाई वस्तुसंग्रहालयाचे संचालक झाले. आधीचे संचालक योहान गुन्नार आंडेरसन यांनी १९२९ साली सुरू केलेली संग्रहालयाची पत्रिका आता कार्लग्रेन यांचे व्यासपीठ झाली. पुढची बहुतेक मोठी कामे याच पत्रिकेच्या अंकांत आली, कित्येकदा अख्खा अंक भरून.

पण त्याआधीच, १९३६ साली, त्यांनी प्राचीन कांस्यपात्रांना हात घातला होता. इथेही तीच रीत: नक्षीचे घटक वेगळे करा, मोजा, कोणता कोणाबरोबर येतो ते पाहा. त्यांना दोन गट मिळाले, 'अ' आणि 'ब', आणि एका गटाची नक्षी दुसऱ्याबरोबर एका पात्रावर सहसा येत नाही. हे निरीक्षण पक्के होते. त्यांनी त्यातून काढलेला कालक्रम मात्र उलटा निघाला. पूर्ण उमटलेला राक्षसमुखाचा आकार आधीचा आणि विस्कटलेला नंतरचा, असे त्यांनी धरले. १९५३ साली मॅक्स लोअर यांनी नुसत्या शैलीच्या वाढीवरून साध्या रेघोट्यांपासून भरघोस मुखापर्यंत जाणारा क्रम मांडला, आणि जंगजोऊच्या उत्खननांनी लोअर यांना पुष्टी दिली.

का चुकले? माझे उत्तर असे. ध्वनींच्या अभ्यासात त्यांच्या हाती जुना ध्वनितक्ता होता. त्यांनी खण भरले. नक्षीला तसा तक्ता नव्हता. मोजणीने गट मिळतात. आधी कोण आणि नंतर कोण, हे मोजणी सांगत नाही. त्यासाठी मातीचे थर हवेत, नाहीतर कारागिराच्या हाताची पारख करणारा डोळा हवा. मिथकांवरच्या त्यांच्या १९४६ च्या दीर्घ लेखाचेही काहीसे असेच झाले. हानपूर्व ग्रंथांतलेच दाखले घ्यायचे, नंतरचे नाहीत, हा त्यांचा दंडक ग्रंथांसाठी उत्तम होता. पण लोककथा उशिरा लिहिली गेली म्हणून ती उशिराची ठरत नाही, असे वोल्फराम एबरहार्ड यांनी लगेच सुनावले. लहानपणी खेड्यात बसून गोष्टी उतरवून घेणाऱ्या माणसाच्या हे ध्यानात यायला हवे होते, असे मला राहून राहून वाटते.

पुन्हा त्या कवितेपाशी

युद्धकाळात पॅरिसची परंपरा पाच वर्षांत उन्मळली. तिथले आणखी एक चीन-अभ्यासक ग्रानेट १९४० मध्ये गेले, मास्पेरो मार्च १९४५ मध्ये बुखेनवाल्डच्या छळछावणीत मेले, पेलिओ त्याच वर्षी ऑक्टोबरमध्ये वारले. स्वीडन युद्धाबाहेर होते. कार्लग्रेन स्टॉकहोममध्ये 'शीचिंग'वर टिपा लिहीत बसले. १९४२ ते १९४६ त्या निघत राहिल्या. (याच दशकात त्यांनी क्लास गुलमन या टोपणनावाने कादंबऱ्याही लिहिल्या.)

टिपांची पद्धत रोखठोक आहे. अडलेला शब्द घ्यायचा. 'शीचिंग'ची जुनी माओ भाष्यपरंपरा काय म्हणते, हान काळातला भाष्यकार जंग श्वान काय म्हणतो, छिंग पंडित काय म्हणतात, हे अ, ब, क करून मांडायचे. मग एकच प्रश्न: या अर्थाला हानपूर्व ग्रंथात दुसरा दाखला आहे का? नसेल तर तो अर्थ बाद, मग सांगणारा कितीही मोठा असो. 'इथे हे चिन्ह त्या दुसऱ्या चिन्हाऐवजी आले आहे' ही भाष्यकारांची आवडती पळवाट त्यांनी जवळजवळ बंदच केली. १९५० साली पूर्ण भाषांतर आले. ते वाचायला रुक्ष आहे, आणि ते त्यांनी जाणूनबुजून तसे ठेवले आहे. आर्थर वेली यांच्या १९३७ च्या भाषांतरात कविता भेटते, कार्लग्रेन यांच्यात ओळीचा हाडाचा सांगाडा. ज्याला मूळ वाचायचे आहे त्याला दुसरेच हवे असते. त्या भाषांतरात यमकाच्या शब्दांपुढे त्यांचे प्राचीन उच्चार दिलेले आहेत. म्हणजे 'त्साय' आणि 'यौ' तिथे पुन्हा एकमेकांशेजारी येऊन बसले.

१९४० साली प्राचीन चिन्हांचा आणि उच्चारांचा कोश निघाला, १९५७ साली त्याची सुधारित आवृत्ती आली. त्यात १,२६० मालिका आहेत, आणि प्रत्येक मालिका उच्चार सुचवणाऱ्या एका अवयवावर उभी आहे. म्हणजे द्वान यूत्साय यांच्या सूत्रावर. त्यातले उच्चार आज कोणी जसेच्या तसे घेत नाही. तरीही त्या मालिकांचे क्रमांक अभ्यासक आजही देतात.

१९५९ पर्यंत ते संग्रहालयाचे संचालक होते. २० ऑक्टोबर १९७८ रोजी स्टॉकहोममध्ये त्यांचे निधन झाले.

१९४६ साली योरान माल्मक्विस्ट नावाचा तरुण त्यांच्याकडे चिनी शिकायला आला. पुढे तो स्टॉकहोमला प्राध्यापक झाला, स्वीडिश अकादमीचा सदस्य झाला आणि गुरूचे चरित्रही त्यानेच लिहिले. पण त्याआधी, १९४८ साली, प्राचीन ग्रंथांची ओळख होते न होते तोच तो चीनला रवाना झाला. अमेय पर्वताच्या पायथ्याशी एका बौद्ध मठात राहून तो सिच्वानच्या बोली नोंदवत होता.